टकल्या, कोसा आणि चाळीस थापा: पटकथेच्या कामाच्या नोंदी

2 सप्टेंबर 2024, दुशान्बे

आज सोमवार, आणि ज्या शहराचे नावच सोमवार आहे तिथे कामाला आरंभ झाला. ताजिक भाषेत ‘दुशान्बे’ म्हणजे शनिवारनंतरचा दुसरा दिवस. इथे पूर्वी सोमवारी बाजार भरत असे, त्यावरून गावाला हे नाव पडले. 1929 ते 1961 या काळात ते पुसून शहराला स्तालिनाबाद म्हणत, पण लोकांच्या तोंडचा बाजाराचा वार शेवटी टिकला. पुण्याची सोमवार पेठ पायाखालची असलेल्या माणसाला हे नाव परके वाटत नाही.

काम असे आहे: ताजिक लोककथांवर आधारलेली पूर्ण लांबीची विनोदी पटकथा लिहायची. प्रसंग आणि आराखडा माझा, संवादांचा शेवटचा हात ताजिक दिग्दर्शिकेचा. मी फारसी शिकलो ती मराठ्यांच्या इतिहासाची कागदपत्रे वाचता यावीत म्हणून. ताजिक हे त्याच फारसीचे पूर्वेकडचे रूप आहे, मात्र 1940 च्या सुमारापासून ते सिरिलिक लिपीत लिहिले जाते, त्यामुळे ओळखीचा माणूस अनोळखी कपड्यांत भेटावा तसे पहिले काही दिवस झाले. शिवाय आपल्या कानाला सवयीचा ‘आ’ इथे ‘ओ’ होतो. बाजार म्हणजे ‘बोझोर’, पादशाह म्हणजे ‘पोदशोह’, नान म्हणजे ‘नोन’. एकदा ही किल्ली हाती आली की मराठीतले निम्मे दफ्तर आणि निम्मा बाजार या भाषेत सापडतो.

5 सप्टेंबर

कथासंग्रहांचे वाचन. सामग्री मुख्यतः दोन प्रकारची आहे. ‘अफसोना’ म्हणजे लांब, अद्भुत कथा, ज्यात पऱ्या, अजगर, सीमुर्ग पक्षी आणि तिसरा धाकटा मुलगा असतो. ‘लतिफा’ म्हणजे चार-सहा वाक्यांत संपणारा विनोदी किस्सा, ज्याचा नायक बहुधा अफांदी, म्हणजे नसरुद्दीन असतो, किंवा मुश्फिकी असतो. हा मुश्फिकी सोळाव्या शतकातला बुखाऱ्याचा खराखुरा दरबारी कवी. तो अकबराच्या काळात हिंदुस्थानातही येऊन गेला होता. पुढे लोकांनी त्याच्या नावावर इतके किस्से चढवले की कवी मागे पडला आणि चतुर माणूस उरला. बिरबलाचे आपल्याकडे जे झाले तेच हे.

अफसोना सुरू होते ती ‘बूद, नबूद’ या शब्दांनी: होता, नव्हता, एक राजा होता. ‘आटपाट नगर होते’ म्हणताना आपण गाव नक्की करून टाकतो. इथे सांगणारा पहिल्याच दमात ‘होता’ आणि ‘नव्हता’ दोन्ही म्हणून मोकळा होतो, आणि मग काहीही खोटे सांगण्याची त्याला मुभा मिळते. थापांच्या चित्रपटाला याहून चांगली पहिली ओळ मिळणार नाही, म्हणून ती जशीच्या तशी ठेवली आहे.

एक शब्द रोज अडवतो. इथल्या कथांतला ‘देव’ म्हणजे अंगाने डोंगराएवढा आणि अकलेने कच्चा राक्षस. ‘देवाने आजीला गिळले’ असे वाक्य वाचताना मराठी मन दचकते. माझ्या टिपणांत मी त्याला ‘दैत्य’ म्हणतो आहे. मराठी वाचकाला गंमत वाटावी म्हणून या शब्दावर कोटी करण्याचा मोह झाला होता, पण ज्या भाषेत तो चित्रपट बोलणार आहे त्या भाषेत ती कोटीच नाही, म्हणून तो प्रसंग आजच काढून टाकला.

11 सप्टेंबर

आजचा निर्णय मोठा आहे: आपला नायक अफांदी नाही.

दिग्दर्शिका आधी नाराज झाली, कारण निर्मात्याला ओळखीचे नाव हवे असते, आणि अफांदीहून ओळखीचे नाव या प्रदेशात नाही. ताश्कंदमध्ये 1943 साली नसरुद्दीनवर चित्रपट झाला. इथल्या ताजिकफिल्म स्टुडिओने 1959 मध्ये त्याला खुजंद या ताजिक शहरात आणले. 2022 मध्ये त्याचे किस्से सांगण्याची परंपरा युनेस्कोच्या यादीत गेली ती सात देशांच्या नावावर, आणि ताजिकिस्तान त्यांतला एक. इतक्या घरांचा पाहुणा असलेल्या माणसाला आपल्या गोष्टीत राबवून घेणे अवघड आहे.

पण खरे कारण पटकथेचे आहे. अफांदी कधी हरत नाही, आणि हरला तरी त्याला लागत नाही. लतिफ्यात हेच त्याचे बळ असते, कारण लतिफा अर्ध्या मिनिटात संपतो. दीड तास ज्याचे काहीच पणाला लागलेले नाही अशा माणसाकडे प्रेक्षक कौतुकाने पाहील, पण त्याच्यासाठी खुर्चीच्या कडेवर येऊन बसणार नाही. पडद्यावरच्या विनोदाला आधी गरज लागते: कुणाला तरी काहीतरी हवे असते आणि ते मिळत नसते.

आणखी एक गोष्ट याच वेळी ठरवली. सोव्हिएत काळात या किश्श्यांतला मुल्ला, काझी आणि अमीर ठरावीक साच्याचे खलपुरुष झाले. ते किस्से खोटे नव्हेत, लोकांनी काझीची टर मनापासून उडवलेली आहे. पण साचा झाला की माणूस दिसत नाही. आपल्या गोष्टीत मुल्ला येईल तो शेजारी म्हणून येईल, आणि त्याला पोटदुखी, लेकीचे लग्न आणि चहाची तलफ असेल.

19 सप्टेंबर

नायक सापडला. ताजिक अफसोन्यांत ‘कल’ नावाचा एक मुलगा पुन्हा पुन्हा येतो. शब्दाचा सरळ अर्थ टकल्या असा होतो, पण हे म्हातारपणाचे टक्कल नव्हे. डोक्यात खवडे होऊन केस गेलेला, गरीब, बहुधा बापावेगळा पोरगा तो. आपल्याकडे ‘खवड्या’ ही शिवी आहे, आणि त्या शिवीत जी गरिबीची किळस आहे तीच या नावात आहे. कथेत मात्र याच पोराचे डोके सगळ्यांत तल्लख निघते. समोर असतो ‘कोसा’, म्हणजे दाढी-मिशा न आलेला प्रौढ माणूस, धूर्त आणि हिशेबी. एकाच्या डोक्यावर केस नाहीत, दुसऱ्याच्या हनुवटीवर. लोककथेने ही जोडी स्वतःच बांधून ठेवली आहे.

कथा निवडली ती चाळीस थापांची, जी मध्य आशियाभर सांगतात. राजा पैज लावतो: मला अशी थाप सांग की माझ्या तोंडून ‘खोटे!’ असा शब्द बाहेर पडेल. लोक हवेत किल्ले बांधतात, राजा प्रत्येकाला ‘असेलही’ म्हणून परत पाठवतो. शेवटी टकल्या म्हणतो, तुमच्या वडिलांनी माझ्या बापाकडून रांजणभर सोने उसने घेतले होते. आता राजा ‘खोटे’ म्हणाला तर पैज जाते आणि ‘खरे’ म्हणाला तर रांजण भरून द्यावा लागतो. लोककथांच्या आंतरराष्ट्रीय वर्गीकरणात 852 क्रमांकाच्या गटात याची नातेवाईक मंडळी बसतात.

राजा काढून टाकला. त्याच्या जागी डोंगरातल्या गावचा कोसा, जो पाणचक्कीचा मालक आहे, आणि ज्याच्याकडे साऱ्या गावाला दळण द्यावेच लागते. पैजेत टकल्या जिंकला तर त्याच्या आजीचे वर्षभराचे दळण फुकट, हरला तर आजीचे एकुलते गाढव कोशाचे. सोन्याच्या रांजणापेक्षा गाढवाची काळजी प्रेक्षकाला जास्त वाटेल, असा माझा ठाम विश्वास आहे.

28 सप्टेंबर

पहिल्या खर्ड्याचे वाचन. आठ नट, दिग्दर्शिका, आणि श्रोते म्हणून शेजारच्या चहाखान्यातली चार वडीलधारी माणसे, ज्यांना इथल्या रिवाजाप्रमाणे मी ‘अमक’ म्हणतो, म्हणजे काका.

वाचन पडले. कसे पडले ते नीट लिहून ठेवतो, कारण पुढचे सगळे काम त्यावर उभे राहणार आहे. दुसऱ्या अंकात भांड्याचा प्रसिद्ध किस्सा घातला होता: शेजाऱ्याचे मोठे भांडे उसने आणायचे, परत देताना आत छोटे भांडे ठेवून ‘तुमचे भांडे व्यायले’ म्हणायचे, शेजारी खुशीने दोन्ही ठेवून घेतो. पुढच्या वेळी भांडे परत जात नाही, निरोप जातो की ते वारले. भांडे व्याले यावर ज्याने विश्वास ठेवला त्याने ते मेले यावरही ठेवायला हवा. नट शेवटच्या वाक्यापर्यंत आला, आणि तो तोंड उघडणार इतक्यात चारही अमकांनी ते वाक्य एका सुरात म्हणून टाकले. कुणी हसले नाही. ते प्रेमानेच म्हणाले, जसे आपण कीर्तनात बुवांच्या आधी अभंगाचा चरण पुरा करतो. पण नटाच्या हातात काही उरले नाही. चाळीसाव्या थापेच्या वेळीही तेच झाले.

चूक माझी होती. मी लतिफ्याचा शेवटचा टोला हाच विनोद धरून चाललो होतो, आणि तो टोला इथल्या प्रत्येक माणसाला पाठ आहे.

रात्री ताजिक लोकनाट्यावरचे वाचन केले. इथल्या फिरत्या विदूषकाला ‘मस्खराबोझ’ म्हणतात. आपली ‘मस्करी’ त्याच शब्दाची. मस्खराबोझाच्या प्रेक्षकालाही गोष्ट आधीच ठाऊक असे, आणि तमाशाच्या बतावणीत सोंगाड्या काय करणार हे आपल्या प्रेक्षकालाही ठाऊक असते. तरी हशा पिकतो, कारण सोंगाड्या ठरलेल्या जागी ठरलेल्या वेळी पोचत नाही. तो वाटेत रेंगाळतो, वळसा घालतो, अगदी दाराशी येऊन पुन्हा माघारी जातो. सगळ्यांना ठाऊक असलेले वाक्य ही अडचण नाही, ते तारण आहे. प्रेक्षक ते धरून बसलेला असतो, आणि ते केव्हा सोडवायचे हे लेखकाने ठरवायचे.

7 ऑक्टोबर, पंजाकेंट

काल अंझोबच्या पाच किलोमीटर लांबीच्या बोगद्यातून झरफशान खोऱ्यात उतरलो. पंजाकेंट म्हणजे पाच वस्त्या. आपल्या ‘पंच’चा हा सख्खा भाऊ. याच तालुक्यातल्या पंजरूद गावी, म्हणजे पाच नद्यांच्या गावी, नवव्या शतकात फारसीचा आद्य कवी रुदकी जन्मला. पंचतंत्र सहाव्या शतकात पहलवीत, म्हणजे इस्लामपूर्व इराणच्या भाषेत गेले, तिथून अरबीत ‘कलीला आणि दिम्ना’ झाले, आणि रुदकीने ते फारसी पद्यात बांधले. त्यातल्या फारच थोड्या ओळी आज उरल्या आहेत.

पण रुदकीच्याही आधी पंचतंत्र इथल्या भिंतींवर पोचले होते. गावाबाहेरच्या टेकाडावर सोग्दियन लोकांचे, म्हणजे या भागातल्या प्राचीन इराणी व्यापाऱ्यांचे, जुने शहर आहे, मातीच्या विटांचे, आता वितळल्यासारखे दिसणारे. तिथल्या श्रीमंतांच्या घरांत आठव्या शतकातली भित्तिचित्रे सापडली. मूळ चित्रे बहुतांशी सेंट पीटर्सबर्गच्या हर्मिटाज संग्रहालयात आणि दुशान्बेत आहेत, इथे प्रतिकृती पाहता येतात. सिंह आणि सशाची गोष्ट तिथे आहे. विहिरीतले प्रतिबिंब दाखवून सिंहाला बुडवणारा तो ससा मी दुसरीत असताना वाचला होता, आणि इथे तो बाराशे वर्षांहून अधिक काळापूर्वीच भिंतीवर पोचला होता. सोन्याची अंडी देणाऱ्या पक्ष्याची गोष्टही आहे.

माझ्या कामाची गोष्ट मात्र मांडणीत सापडली. भिंतीचा मोठा, मधला भाग रुस्तुमसारख्या वीरांना दिलेला आहे. गोष्टींची छोटी छोटी चौकटचित्रे त्याखाली, अगदी तळाच्या पट्ट्यात ओळीने काढलेली आहेत. भिंतीकडेच्या ओट्यावर पाहुणे बसत, म्हणजे वीरगाथा पाहायला मान वर करावी लागे आणि ससा मात्र बसल्या माणसाच्या शेजारी असे. मी कॅमेऱ्याची उंची इथेच ठरवली. हा चित्रपट बसलेल्या माणसाच्या डोळ्यांच्या उंचीवरून दिसेल, आणि कोशाची मान वर करून पाहावी लागेल अशी एकही चौकट त्यात नसेल.

8 ऑक्टोबर, पंजाकेंटच्या वरच्या अंगाला

डोंगरातल्या एका गावात चालू असलेली पाणचक्की पाहिली. चालवणाऱ्या आजोबांना सगळे ‘बोबो’ म्हणतात, मीही म्हटले.

चक्कीचे चाक आडवे आहे. लाकडी पन्हळीतून पाण्याची धार पात्यांवर पडते आणि खालून येणारा दांडा वरची तळी फिरवतो. माझे बालपण औरंगाबादला, म्हणजे आताच्या छत्रपती संभाजीनगरात, पाणचक्कीच्या अंगणात खेळण्यात गेले, त्यामुळे हे यंत्र पाहताच पाऊल थबकले. त्या पाणचक्कीशेजारी ज्यांची कबर आहे ते बाबा शाह मुसाफिर बुखाऱ्याजवळच्या गिज्दुवानचे, आणि ती चक्की यात्रेकरूंच्या व फकिरांच्या भाकरीसाठी दळत असे. बोबोंना हे सांगितले तेव्हा त्यांनी एकच विचारले, तिथे पाणी उन्हाळ्यात पुरते का. चक्कीवाल्याने चक्कीवाल्याबद्दल विचारावे असाच तो प्रश्न होता.

तळीवर धान्याची लाकडी पेटी टांगलेली असते. पेटीला बांधलेली एक काठी फिरत्या दगडावर टेकलेली असते. दगडाच्या खडबडीत पाठीवर ती टकटक उड्या मारते, त्या हिसक्यांनी पेटी हलते आणि दाणे मधल्या भोकात पडत राहतात. पाणी वाढले की दगड वेगाने फिरतो, काठी जोरात नाचते आणि दाणे आपोआप जास्त पडतात. माणसाला काही करावे लागत नाही. धान्य संपत आले की हलक्या पेटीचा आवाज बदलतो, पोकळ होतो, आणि बाहेर झाडाखाली पेंगत असलेले बोबो डोळे न उघडताच उठतात. मी अर्धा तास हा आवाज ध्वनिमुद्रित केला. चाळीस थापांचा प्रसंग चक्कीतच होईल, आणि त्याचा ठेका ही काठी धरेल. पार्श्वसंगीत त्या प्रसंगाला नको.

दळणावळ बोबो पैशांत घेत नाहीत, पिठाच्या मापात घेतात. माप लाकडी आहे, वापरून गुळगुळीत झालेले. त्यांनी ते उलटे करून, तळाशी बोट ठोकून दाखवले. का दाखवले ते मी विचारले नाही, पण नवख्या गिऱ्हाईकाला ते असेच दाखवत असणार.

17 ऑक्टोबर, दुशान्बे

चहाचा प्रसंग लिहून झाला. इथे हिरवा चहा आधी पियोल्यात, म्हणजे बिनकानाच्या वाटीत ओतून तीनदा किटलीत परत ओततात आणि मग पाहुण्याला देतात. पियोला कधी काठोकाठ भरत नाहीत. थोडा थोडा ओतायचा, म्हणजे पुन्हा पुन्हा ओतता येतो आणि बसा म्हणण्याची संधी मिळते. काठोकाठ भरलेला पियोला म्हणजे ‘आता निघा’.

पैज सुरू होण्यापूर्वी टकल्या कोशाकडे बसला आहे. कोसा पहिला पियोला तळाला घोटभर ओततो, दुसरा अर्धा, तिसरा पाऊण, चौथा काठापर्यंत, आणि टकल्या तो दोन्ही हातांनी उचलून एक थेंब न सांडता पितो, आदबीने छातीवर हात ठेवतो आणि रिकामा पियोला पुढे करतो. कोसा पुन्हा काठोकाठ भरतो. सहा पियोले होईपर्यंत कुणी एक शब्द बोलत नाही. ताजिक घरातल्या लहान मुलालाही यातला अपमान आणि त्याला दिलेले उत्तर कळेल. बाहेरच्या प्रेक्षकाला पहिल्या दोन पियोल्यांत नियम कळावा म्हणून आधीच्या प्रसंगात आजीकडून मुल्लाला नीट, थोडा थोडा चहा ओतून घेतला आहे. मुल्लाची तलफ अशी कामाला आली.

26 ऑक्टोबर

शेवटाची गाठ आज सुटली. 28 सप्टेंबरच्या वाचनात चार अमकांनी शेवटचे वाक्य आधीच म्हणून टाकले. मग ते कोशालाही ठाऊक असायला नको का? तोही लहानपणी आजीच्या मांडीवर हीच गोष्ट ऐकून वाढला असणार.

तेव्हा आमचा कोसा तयारीने येतो. टकल्या शेवटी बापाच्या कर्जाची थाप मारणार हे त्याला ठाऊक आहे. म्हणून त्याने आदल्या दिवशी दोन साक्षीदारांना पोटभर पुलाव खाऊ घालून ठेवले आहे: ‘होय, कर्ज घेतले होते, आणि आमच्या डोळ्यांदेखत फेडले.’ म्हणजे ‘खरे’ म्हटले तरी कवडी द्यावी लागणार नाही. रात्रभर थापा चालतात, बोलाचीच कढी आणि बोलाचाच भात, आणि प्रत्येक थापेच्या शेवटी ते दोघे आपली वेळ आली असे समजून अर्धवट उठतात आणि कोसा डोळ्यांनी त्यांना खाली बसवतो. सगळे गाव चाळीसाव्या थापेची वाट पाहते आहे, आणि सगळ्यांहून अधिक आतुरतेने कोसा.

एकोणचाळीस होतात. टकल्या थांबतो. पेटीतले धान्य संपत आल्याचा पोकळ आवाज येतो. मग तो हलक्या आवाजात म्हणतो, ‘अमक, तुमच्या घ्यायच्या मापाला एक तळ आहे आणि द्यायच्या मापाला दोन.’

ही थाप नाही, हे खरे आहे. साऱ्या गावासमोर ‘खरे’ म्हणावे तर चक्की जाते. कोशाच्या तोंडून शब्द निसटतो: ‘दुरूग!’ म्हणजे खोटे. पैज हरली. जुन्या कथेतला पेच शाबूत राहिला, फक्त सोन्याच्या थापेची जागा पिठाच्या खऱ्या मापाने घेतली.

ताजिकमध्ये खऱ्याला ‘रोस्त’ म्हणतात. आपल्या ‘रास्त भावाच्या दुकाना’तला रास्त तोच. दिग्दर्शिकेला मी हे सांगितले तेव्हा तिने त्या दुकानात काय मिळते ते विचारले. धान्य, असे उत्तर दिल्यावर तिने संवादाच्या पानावर कोशाच्या ओळीनंतर आजीच्या तोंडी एकच शब्द लिहिला: ‘रोस्त.’ तो तिथेच राहील.

9 नोव्हेंबर

दुसरे वाचन, तेच आठ नट आणि तेच चार अमक. साक्षीदार तिसऱ्यांदा अर्धवट उठले तेव्हा पहिला हशा आला, सातव्यांदा उठले तेव्हा वाचन थांबवावे लागले. बाराव्या थापेनंतर जरा सैल वाटते, तिथल्या चार थापा काढणार आहे. गावकऱ्यांच्या मुखातून थापांची गणती करून घेतली की मधल्या गाळल्या तरी चालतील.

एकोणचाळीसाव्या थापेनंतर नट ठरल्याप्रमाणे थांबला. सगळ्यांत थोरले अमक पियोला ओठांशी नेता नेता हसत म्हणालेच, ‘तुझ्या बापाने माझ्या बापाकडून...’ आणि बाकीचे तिघे साथ द्यायला पुढे सरसावले. त्याच वेळी नटाने मापाचे वाक्य म्हटले. थोरल्या अमकांचे वाक्य अर्ध्यावर राहिले. त्यांनी पियोला न पिताच अलगद चटईवर ठेवला आणि कोशाचे काम करणाऱ्या नटाकडे पाहत राहिले, आणि ‘दुरूग’ आल्यावर ते चौघे हसले ते मांड्यांवर थापा मारून.

तो खाली ठेवलेला, न प्यायलेला पियोला पुढच्या खर्ड्यात मुल्लाच्या हातात दिला आहे.